मीर, १:१४४ : जोडून पाहिलेल्या किटबद्दल

बॉक्स उघडल्यावर मी आधी रनर बघितले. सवयच आहे ती. एकोणचाळीस वर्षं कोल्हापूरच्या उद्यमनगरात फाउंड्रीसाठी पॅटर्न केले, म्हणजे ज्यावरून साचा घेतात ते नमुने. सुरुवातीला सागवानी, नंतर अ‍ॅल्युमिनियमचे, शेवटच्या काळात रेझिनचे. ओतीव वस्तू हातात आली की ती कशाची आहे यापेक्षा ती कुठून ओतलीय हे डोळ्यांना आधी दिसतं. या किटमध्ये करड्या प्लास्टिकच्या सहा चौकटी आहेत आणि त्यांवर शंभराच्या वर सुटे भाग. भाग ज्या काडीवर टांगलेले असतात तो आमच्या भाषेत रनर, आणि भाग काडीला जिथं चिकटलेला असतो ते गेट. इथं बहुतेक गेट जोडाच्या कडेला ठेवलेत. त्यामुळं कापल्यावर राहणारा व्रण जोडाखाली झाकला जातो. ते बघूनच मी बायकोला म्हटलं, साचा करणारा माणूस जाणता आहे.

वस्तू म्हणजे 'मीर' या रशियन अंतराळस्थानकाचं मॉडेल, १:१४४ मापाचं. टपालखर्चासह ३,८५० रुपये पडले. कोल्हापुरात आधी बरंच फिरलो. महाद्वार रोड, लक्ष्मीपुरी, राजारामपुरीतली दोन दुकानं. विमानं मिळतात, जहाजं मिळतात, रणगाडे तर ढिगानं. अंतराळस्थानक मात्र कुणाकडंच नाही. शेवटी मुलानं ऑनलाइन मागवून दिलं. सतरा दिवसांनी आलं. माझं मत आधीच सांगतो : घ्यावं. पण कसं जोडावं ते खाली लिहितोय, ते वाचून घ्यावं. सोबतच्या कागदाप्रमाणं जोडलं तर मॉडेल होईल, पण मीर काय होतं ते कळणार नाही.

मीरच का, ते सांगायला १९८४ मध्ये जावं लागतं. ३ एप्रिलला संध्याकाळी कारखान्यातल्या रेडिओवर बातमी आली. राकेश शर्मा सोयुझ टी-११ मधून निघाले. मी तेव्हा वीस वर्षांचा, मिस्त्रींच्या हाताखाली शिकत होतो. सगळे राकेश शर्मांबद्दल बोलत होते आणि ते साहजिकच होतं. दुसऱ्या दिवशी यान साल्युत-७ या स्थानकाला जोडलं गेल्याची बातमी आली, तेव्हा मिस्त्रींनी हातातली कानस खाली ठेवली आणि विचारलं, "आरं, ती दोन डबी वर जुळत्यात कशी? पिना कुठं बसीवल्यात?"

फाउंड्रीत काम केलेल्यांना हा प्रश्न लगेच कळेल. साचा दोन पेट्यांत असतो, वरची कोप आणि खालची ड्रॅग. दोन्ही बरोबर एकावर एक बसाव्यात म्हणून कडेला पिना असतात. पीन अर्ध्या मिलिमीटरनं सैल झाली की कास्टिंगला शिफ्ट येतो, म्हणजे दोन अर्धे एकमेकांवरून सरकतात, आणि माल भंगारात जातो. हे जमिनीवर, दोन माणसं पेटी उचलून हळूहळू ठेवत असताना. तिकडं दोन्ही डबी तासाला अठ्ठावीस हजार किलोमीटरच्या वेगानं पृथ्वीभोवती फिरत असतात. मिस्त्रींना त्या दिवशी उत्तर देता आलं नाही. पण प्रश्न माझ्याबरोबर राहिला. रिटायर झाल्यावर हे किट आणलं ते त्यासाठी.

उत्तर किटमध्ये आहे, आणि मापात आहे. सोयुझच्या नाकाला एक दांडा आहे आणि स्थानकाच्या तोंडाशी आत खोल गेलेला शंकू. दांड्याचं टोक शंकूच्या भिंतीला कुठंही टेकलं तरी घसरत घसरत तळाशी जातं आणि तिथल्या खळग्यात अडकतं. मग दांडा आत ओढला जातो, दोन्ही कडा एकमेकींना भिडतात आणि हुक लागतात. थोडं वाकडं आलं तरी शंकू सरळ करून घेतो. आमच्याकडं कोअर, म्हणजे कास्टिंगमधल्या पोकळीसाठी साच्यात ठेवायचा गाभा, जिथं बसतो त्या कोअर प्रिंटला टेपर, म्हणजे उतार, देतात तो याच कारणासाठी. कोअर ठेवणाऱ्याचा हात जरा हलला तरी ती आपल्या जागी जाऊन बसावी म्हणून. किटमधला हा दांडा टाचणीच्या डोक्याएवढा आहे, तरी शंकूत बरोबर बसतो. त्या एका जोडासाठी मी पैकीच्या पैकी गुण देईन.

आता तक्रार.

मीरच्या मुख्य भागाला बेस ब्लॉक म्हणतात. त्याच्या पुढच्या टोकाला एक गोळा आहे, खरा साधारण सव्वादोन मीटर व्यासाचा. त्या गोळ्याला पाच तोंडं : एक समोर, चार बाजूंना. सगळं स्थानक या गोळ्यावर उभं आहे. किटमध्ये तो दीड सेंटिमीटरचा येतो, दोन अर्ध्यांत. माझ्या बॉक्समधला एक अर्धा अपुरा होता. कडेची एक पाकळी भरलीच नव्हती. याला आम्ही मिसरन म्हणतो. रस थंड पडला किंवा दाब कमी पडला की साच्याच्या शेवटच्या कोपऱ्यापर्यंत पोचत नाही. नेमका ज्या भागावर चार मॉड्यूल, म्हणजे स्थानकाला नंतर जोडलेले मोठे भाग, टांगायची तोच भाग लंगडा. विक्रेत्याला फोटो पाठवला. उत्तर आलं, सुटा भाग मिळणार नाही, अख्खा बॉक्स परत करा, पैसे देऊ, पण माल पुन्हा कधी येईल ते सांगता येत नाही. तीन वेळा लिहिलं, तिन्ही वेळा तेच. साडेतीन हजारांच्या वर पैसे मोजणाऱ्याला एक गोळा वेगळा पाठवता येऊ नये हे मला पटलेलं नाही. तपासणी करून माल भरला असता तर ही वेळ आली नसती.

बॉक्स परत केला नाही. एम-सील मळून ती पाकळी भरली, रात्रभर सुकू दिली, सकाळी बारीक कानशीनं गोल केली आणि पितळी नळीचा तुकडा आत घालून तोंडाचा व्यास व्हर्निअरवर जुळवला. आता कुठल्या अर्ध्यात दोष होता ते मलाही शोधावं लागतं. पण हे काम प्रत्येकाला येईल असं नाही. म्हणून सांगतो : बॉक्स आला की त्याच दिवशी तो गोळा आधी तपासा.

बाकी ओतकाम चांगलं आहे. बेस ब्लॉक खरा १३.१३ मीटर लांब होता. १४४ नं भागलं की ९१ मिलिमीटर येतात, आणि माझ्या व्हर्निअरवर ९१ च आले. जाड भागाचा व्यास ४.१५ मीटरचा २९ मिलिमीटर होतो, तोही बरोबर. सौर पंख्यांच्या, म्हणजे वीज देणाऱ्या पॅनेलांच्या, पाठीवर दोन ठिकाणी श्रिंकेजचे, म्हणजे आकसल्याचे, खड्डे आहेत, पॉलिश पेपरनं जातात. पार्टिंग लाइन, म्हणजे साच्याच्या दोन अर्ध्यांच्या सांध्याची रेघ, सगळीकडं दिसते. तिची फेटलिंग करायला, म्हणजे ती घासून काढायला, दोन संध्याकाळी द्याव्यात, घाई करू नये.

कागदावरचा क्रम असा आहे की सगळी मॉड्यूल वेगवेगळी तयार करायची आणि शेवटी एका बैठकीत गोळ्याला चिकटवायची. मी तसं केलं नाही. मीर एका बैठकीत झालंच नव्हतं. त्याला दहा वर्षं लागली. मी आणि माझी नात ईश्वरी, सातवीत आहे, आम्ही ज्या क्रमानं भाग वर गेले त्या क्रमानं जोडायचं ठरवलं. दर रविवारी एक भाग. ती शिवाजी पेठेतून सायकलवर यायची.

पहिल्या रविवारी बेस ब्लॉक. हा २० फेब्रुवारी १९८६ ला बायकोनूरहून प्रोटॉन रॉकेटवर गेला. त्याला सोयुझ जोडली आणि ईश्वरीला सांगितलं, यात पहिल्यांदा राहायला गेलेले दोघं म्हणजे किझिम आणि सोलोव्योव. हेच दोघं आणखी एका डॉक्टरबरोबर १९८४ मध्ये साल्युत-७ वर राहत होते आणि राकेश शर्मा पाहुणे म्हणून गेले ते यांच्याच घरी. पुढं या दोघांनी जे केलं ते त्यानंतर कुणी केलेलं नाही. मे १९८६ मध्ये ते मीर बंद करून सोयुझमधून साल्युत-७ ला गेले, तिथली राहिलेली कामं उरकली आणि जूनमध्ये तिथली काही उपकरणं घेऊन परत मीरवर आले. एका स्थानकावरून दुसऱ्यावर आणि परत. ईश्वरी म्हणाली, "म्हणजे जुन्या घरातनं सामान आणलं." अगदी तेच.

दुसरा रविवार क्वांत-१ चा. याबद्दल थांबून सांगायला हवं. हा भाग मागच्या तोंडाला लागतो. मार्च १९८७ मध्ये तो वर गेला. पहिल्या प्रयत्नात चुकला, बाजूनं निघून गेला. दुसऱ्या वेळी दांडा शंकूत अडकला, पण कडा भिडेनात. थोडी फट राहिली. आत असलेले रोमानेन्को आणि लावेयकिन सूट घालून बाहेर गेले, टॉर्च मारला, तर जोडाच्या मध्ये एक पिशवी अडकलेली. आधीच्या मालवाहू यानात कचरा भरताना ती निसटून तिथं राहिली होती. ती ओढून काढली, दांडा आत घेतला, आणि जोड बसला. अब्जावधींचं काम एका पिशवीनं अडवलं होतं. आमच्याकडं पेटी बंद करण्याआधी मोल्डर पार्टिंगवर हात फिरवतो, तो याचसाठी. वाळूचा एक खडा राहिला तर पेटी बसत नाही, आणि बसली असं वाटलं तर रस बाहेर येतो. ईश्वरीनं त्या दिवशी क्वांत लावण्याआधी तोंडावरून तीनदा बोट फिरवलं. किटमध्ये हा जोड सगळ्यात घट्ट आहे, कोरडाच दाबून बघावा, मगच सोल्युशन लावावं.

मग बाजूची मॉड्यूल : क्वांत-२ नोव्हेंबर १९८९ मध्ये, क्रिस्ताल मे-जून १९९० मध्ये. इथं कागदात नसलेली एक गोष्ट करून बघा. ही मॉड्यूल बाजूच्या तोंडांना थेट येऊन लागली नाहीत. बाजूनं येऊन धडकायचं म्हणजे अख्ख्या स्थानकाला गिरकी बसायची. म्हणून प्रत्येक मॉड्यूल आधी समोरच्या तोंडाला सरळ लागायचं. मग त्याच्याच अंगावर असलेला एक छोटा हात गोळ्यावरच्या खोबणीत रुतायचा, मॉड्यूल सुटायचं, आणि तो हात त्याला नव्वद अंशांत फिरवून बाजूच्या तोंडाला नेऊन लावायचा. वीस टनांची वस्तू. आम्ही सोल्युशन न लावता प्रत्येक मॉड्यूल आधी समोर बसवलं, मग हातानं फिरवून बाजूला नेलं. ईश्वरीला हे इतकं आवडलं की क्रिस्ताल तिनं चार वेळा फिरवलं. तिथं एक गोष्ट ध्यानात आली : क्वांत-२ एकट्यानं बाजूला लोंबत होतं तेव्हा मॉडेल स्टँडवर एका अंगाला कलत होतं. समोरासमोर क्रिस्ताल लागल्यावर सरळ झालं. खऱ्या स्थानकालाही तोल असाच महत्त्वाचा होता. ते स्थिर ठेवायला मोठ्या फिरत्या चाकांचा उपयोग करत आणि बोजा एकीकडं असला की त्यांच्यावर ताण पडतो.

क्रिस्तालच्या टोकाचा जोड वेगळा आहे, तो बघताना भिंग घ्यावं. यात दांडा नाही, शंकूही नाही. कड्यावर तीन पाकळ्या आहेत, आणि समोरून येणाऱ्याच्या कड्यावरही तशाच तीन. कोण आत जाणार आणि कोण घेणार हा भेदच नाही. दोन्ही अर्धे एकाच पॅटर्नमधून काढल्यासारखे. व्लादिमीर सिरोम्यात्निकोव नावाच्या इंजिनिअरनं ही पद्धत बसवली, १९७५ मध्ये रशियन सोयुझ आणि अमेरिकन अपोलो एकमेकांना जोडली गेली तेव्हा. क्रिस्तालवर तो जोड रशियाच्या स्वतःच्या शटलसाठी, बुरानसाठी ठेवला होता. बुरान तिथं कधीच आलं नाही. आलं ते अमेरिकेचं अटलांटिस, २९ जून १९९५ ला, आणि त्याच जोडाला लागलं. मिस्त्री असते तर मी हे भिंगाखाली त्यांना दाखवलं असतं.

क्रिस्ताल आणि त्यानंतरचं स्पेक्त्र यांच्यात पाच वर्षं गेली. मधल्या काळात सोव्हिएत संघ राहिला नाही. क्रिकाल्योव हा अंतराळवीर मे १९९१ मध्ये वर गेला तो एका देशातून आणि मार्च १९९२ मध्ये खाली आला तेव्हा तो देश नकाशावर नव्हता. पैसा संपला होता, स्पेक्त्र आणि शेवटचं मॉड्यूल प्रिरोदा जमिनीवर पडून होती. अमेरिकेबरोबर करार झाला, त्यातून ती पूर्ण झाली. याच काळात पोल्याकोव नावाचे डॉक्टर सलग ४३७ दिवस मीरवर राहिले, माणूस इतका काळ तिथं टिकतो का ते स्वतःवरच बघायला. आम्हीही मधला एक रविवार मुद्दाम रिकामा ठेवला, मॉडेल तसंच अर्धवट टेबलावर.

सौर पंख्यांबाबत किटमध्ये मोठा घोळ आहे. कागद सांगत नाही की हे कुठल्या वर्षीचं मीर आहे. क्रिस्तालला पंखे दिलेत आणि तेच पंखे क्वांत-१ वरही दिलेत. दोन्ही एकाच वेळी नव्हते. स्पेक्त्र यायचं होतं तेव्हा क्रिस्तालची जागा बदलायची होती, म्हणून त्याचे पंखे मिटले आणि एक उचलून क्वांतवर नेऊन बसवला. मे १९९५ मध्ये हे काम बाहेर जाऊन देझुरोव आणि स्त्रेकालोव यांनी केलं.

स्त्रेकालोव हे नाव मला नीट माहीत होतं. राकेश शर्मांच्या यानात तिघं होते : कमांडर मालिशेव, फ्लाइट इंजिनिअर स्त्रेकालोव, आणि शर्मा. त्या उड्डाणाच्या सहा महिने आधी, २६ सप्टेंबर १९८३ ला, हाच स्त्रेकालोव व्लादिमीर तितोवबरोबर दुसऱ्या एका सोयुझमध्ये बसला होता. उड्डाणाला दीड मिनिट राहिलं असताना रॉकेटच्या बुडाशी आग लागली. सुटकेच्या रॉकेटनं त्यांची कुपी वरच्या वर उपटून काढली आणि काही किलोमीटर दूर नेऊन उतरवली. मागं अख्खं रॉकेट तळावरच फुटलं. दोघं जिवंत राहिले. अशा प्रसंगातून गेलेला माणूस सहा महिन्यांत पुन्हा त्याच जातीच्या रॉकेटवर बसला, आपल्या माणसाला सोबत घेऊन गेला, साल्युतला जोड घालून दिला. अकरा वर्षांनी तोच माणूस पंखा उचलून एका मॉड्यूलवरून दुसऱ्यावर लावत होता. आपल्याकडं राकेश शर्मांचं नाव प्रत्येक शाळेच्या भिंतीवर आहे आणि असायलाच हवं. स्त्रेकालोवचंही माहीत असावं असं मला मनापासून वाटतं.

आम्ही मॉडेल १९९६ च्या मेचं ठरवलं. म्हणजे प्रिरोदा लागलेलं, क्वांतवर पंखा आलेला. त्या हिशोबानं एक जादा पंखा उरतो. तो बॉक्समध्ये ठेवला.

स्पेक्त्र लावताना ईश्वरीला १९९७ सांगितलं. त्या वर्षी २३ फेब्रुवारीला क्वांतमध्ये ऑक्सिजन तयार करणारी कांडी पेटली. ज्वाळा आणि धूर, आत सहा माणसं. दोन सोयुझ लागलेल्या होत्या, पण एकीकडं जाणारी वाट नेमकी आगीपलीकडं. आग विझली, माणसं वाचली. चार महिन्यांनी, २५ जूनला, मालवाहू प्रोग्रेस हातानं चालवून आणायची चाचणी चालली होती. वेग आवरला नाही. ते स्पेक्त्रच्या पंख्यावर आणि अंगावर आदळलं. हवा बाहेर जायला लागली, कान दडपले. स्पेक्त्रचं दार बंद केलं की बाकी स्थानक वाचणार होतं. पण दारातून केबल आणि नळ्या गेलेल्या.

"मग दार लागलंच नाही?" ईश्वरीनं विचारलं.

लाझुत्किन आणि अमेरिकन फोल यांनी त्या केबल उपटल्या. ज्या निघाल्या नाहीत त्या चाकूनं कापल्या. मग झाकण लावलं. स्पेक्त्रच्या पंख्यांची वीज गेली, स्थानक अंधारात गिरक्या घेत राहिलं, पण तिघं जिवंत होते. ऑगस्टमध्ये दुसऱ्या तुकडीनं नवं झाकण आणलं, त्यात केबलसाठी सॉकेट बसवलेली. ते लावून वीज परत मिळवली. ईश्वरीनं घरी जाऊन आईला सांगितलं की दारातून वायर टाकायची नाही. आमच्या घरात मागच्या दारातून मोटारीची वायर गेलीय, ती तिनं मला दाखवली. पुढच्या आठवड्यात भिंतीला भोक पाडून ती तिथून घेतली.

एक गोष्ट मला गुजरीत कळली. मॉडेल पूर्ण झाल्यावर ओळखीच्या सोनाराच्या काट्यावर ठेवलं. ११२ ग्रॅम भरलं. खरं मीर, सगळी मॉड्यूल धरून, साधारण १३० टनांचं. लांबी १४४ नं कमी केली तर वजन १४४ च्या घनानं कमी व्हायला हवं, म्हणजे जेमतेम ४४ ग्रॅम. प्लास्टिकचं मॉडेल अडीचपट जड! दुकानात उभ्या उभ्याच उत्तर सुचलं. किटच्या भिंती दीड मिलिमीटर जाड आहेत, मापात धरलं तर वीस सेंटिमीटरच्या वर. खऱ्या मीरच्या भिंती काही मिलिमीटर अ‍ॅल्युमिनियमच्या. माणसं आणि पोकळी यांच्यामध्ये तेवढंच होतं. प्रोग्रेस आदळल्यावर काय झालं असेल ते तेव्हा खरं समजलं. सोनारानं विचारलं काय झालं, त्याला बसून सगळं सांगितलं.

किटसोबत इतिहासाचं अर्धं पान आहे, त्याबद्दल माझी नाराजी नोंदवतो. त्यात लिहिलंय, पहिलं स्थानक साल्युत-१, १९७१. बस. तिथं काय झालं ते नाही. १९ एप्रिल १९७१ ला साल्युत-१ गेलं. पहिली सोयुझ दांडा अडकवून परत आली, जोड पक्का बसला नाही म्हणून. दुसऱ्या खेपेला दोब्रोवोल्स्की, व्होल्कोव आणि पात्सायेव आत गेले, तेवीस दिवस राहिले. परत येताना यानाचे भाग वेगळे होण्याच्या झटक्यात हवेची झडप उघडली आणि तिघंही गेले. कुपीत जागा कमी म्हणून तिघांच्याही अंगावर सूट नव्हते. किटमधल्या सोयुझची ती कुपी पंधरा मिलिमीटरची आहे, लहान बोराएवढी. याच मापाला माणूस बारा मिलिमीटर उंच होतो. तीन माणसं त्यात कशी बसली असतील ते नखाशी धरून बघावं. त्यानंतर बरीच वर्षं दोघांनाच आणि सूट घालूनच पाठवलं. हे तिघं त्या अर्ध्या पानात हवे होते.

साल्युत-७ चंही नाव नाही. फेब्रुवारी १९८५ मध्ये ते स्थानक मेलं. वीज नाही, रेडिओ नाही, आत कुणी नाही. जूनमध्ये जानिबेकोव आणि साविनिख गेले. एरवी स्थानक स्वतः रेडिओनं यानाला जागा सांगतं, इथं समोर नुसता हलणारा लोखंडासारखा थंड ठोकळा. जानिबेकोवनं नजरेनं अंदाज घेऊन हातानं जोड घातला. आत पाणी गोठलेलं. लोकरी टोप्या घालून दोघांनी बॅटऱ्या थेट सौर पंख्यांना जोडून एकेक करून जिवंत केल्या. मूळ दोष बॅटरी भरली की नाही ते सांगणाऱ्या एका सेन्सरमध्ये होता. कुठलाही वायरमन हे ऐकून मान हलवेल. याच स्थानकावर आपला माणूस वर्षभरापूर्वी राहून आला होता.

आता घेणाऱ्यांसाठी कामाचं. रंग कागदावर चांदीचा सांगितलाय, तो देऊ नका. फोटोंत मीर कुठंही चकचकीत नाही, बाहेरून कापडी आवरणं गुंडाळलेली आहेत. मळकट पांढरा आणि फिकट राखाडी द्या. पाण्यात भिजवून लावायची अक्षरं जुनी वाटली, एक फुटलं. कोमट पाण्यात अर्धा मिनिट पुरे. सोबतचा स्टँड टाकाऊ आहे, पाचही बाजूंना भाग लागले की तो वाकतो. मी सागवानाचा ठोकळा कापून त्यात पितळी सळई बसवली. बारा वर्षांखालच्या मुलांना एकटं देऊ नका, पंख्यांच्या काड्या तुटतात आणि कटर धारदार लागतो. फेविक्विक वापरू नका, प्लास्टिकवर पांढरी वाफ धरते. या कामाचं पातळ सोल्युशन मिळतं तेच घ्या.

२३ मार्च २००१ ला मीर दक्षिण पॅसिफिकमध्ये पाडलं. पंधरा वर्षं होतं वर, त्यातली सलग जवळजवळ दहा आत माणसं. पृथ्वीभोवती ते ५१.६ अंशांच्या तिरप्या वाटेनं फिरायचं, म्हणजे कोल्हापूरवरूनही जायचं. तेव्हा मी वर बघितलं नाही याची चुटपुट आहे. आताचं आंतरराष्ट्रीय स्थानक त्याच तिरक्या वाटेनं फिरतं, आणि त्यातला झ्वेझ्दा हा भाग मीर-२ साठी म्हणूनच बनवला होता. बेस ब्लॉकचाच धाकटा भाऊ. मॉडेल झालं त्या आठवड्यात ईश्वरीला घेऊन पहाटे रंकाळ्यावर गेलो. पाच मिनिटं दिसलं, न लुकलुकता सरळ चाललेलं. तिला शुभांशू शुक्ला माहीत आहेत, २०२५ मध्ये तिथं राहून आले ते. तिनं विचारलं, त्यांचं यान कुठल्या तोंडाला लागलं होतं. घरी येऊन शोधून सांगितलं : वरच्या, अंतराळाकडं असलेल्या.

मॉडेल आता पुढच्या खोलीत आहे, मिस्त्रींनी दिलेल्या पट्टीशेजारी. सगळे जोड सोल्युशननं पक्के केले, एक सोडून. सोयुझचा दांडा आणि बेस ब्लॉकच्या तोंडाचा शंकू मी पॉलिश पेपरनं असे मिळवून घेतलेत की न चिकटवता बसतात. ईश्वरी आली की आधी सोयुझ काढते, तोंडावरून बोट फिरवते आणि पुन्हा लावते.